दार ज्या देशात, घर त्या देशात

अँटवर्प हे नाव आपल्या समाजातील व्यापारी कुटुंबांना परके नाही. बेल्जियममधील या बंदराच्या शहरात हिऱ्यांचा व्यापार शतकानुशतके चालत आला आहे आणि गेल्या पन्नास-साठ वर्षांत पालनपूर-सुरतकडील जैन कुटुंबांनी त्या व्यापारात मानाचे स्थान मिळविले आहे. शहराच्या विल्रेक या उपनगरात संगमरवरी जिनमंदिर उभे आहे. अँटवर्पला जाऊन आलेल्या माणसाने हिरेबाजारावर आणि मंदिरावर लिहावे, अशी वाचकांची अपेक्षा असणे स्वाभाविक आहे. परंतु त्या दोन्ही विषयांवर जाणकारांनी पुष्कळ लिहिले आहे. मला सांगायचे आहे ते तेथून मोटारीने तासाभराच्या अंतरावरील एका लहानशा गावाविषयी. या गावात दार उघडणे, टेबल सरकविणे, दुकानाचे शटर ओढणे यांसारख्या रोजच्या साध्या गोष्टी दोन देशांच्या कायद्याचा प्रश्न होऊन बसतात. पाहताना हसू येते. पण हसून झाल्यावर मनात जे विचार येतात ते आपल्या घरापर्यंत येऊन पोहोचतात.

गावाचे नाव बार्ले. गेल्या जून महिन्यात भाचीकडे अँटवर्पला मुक्काम असताना एका रविवारी आम्ही तेथे गेलो. टुर्नहाउट या गावापर्यंत मोठा रस्ता आहे. तेथून उत्तरेकडे पंधरा किलोमीटरच्या आत बार्ले लागते. सपाट मुलूख, मक्याची शेते, गुरांची कुरणे, मधूनच विटांची कौलारू घरे. भाचीने डब्यात खाकरे आणि ठेपले दिले होते. जूनमध्ये त्या देशी सूर्य रात्री दहाच्या सुमारास मावळतो, त्यामुळे सूर्यास्तापूर्वी जेवण उरकण्याची घाई नव्हती. कोठे चौकी नाही, अडथळा नाही, पारपत्र दाखविणे नाही. चौकातून चालू लागल्यावर मात्र पायाखाली पाहावे लागते. फरशीवर पांढऱ्या फुल्यांची एक रांग काढलेली असते. रांगेच्या एका बाजूस बेल्जियमचे आद्याक्षर, दुसऱ्या बाजूस नेदरलँड्सचे. ही आंतरराष्ट्रीय सीमा! ती पदपथावरून जाते, रस्ता ओलांडते, एखाद्या भिंतीत शिरते आणि घराच्या मागील बाजूने बाहेर पडते. शंभर पावले चालल्यावर पुन्हा दुसरी रांग आडवी येते. अर्ध्या तासाच्या फेरफटक्यात आम्ही किती वेळा परदेशी जाऊन स्वदेशी आलो याची मोजदाद करणे भाच्याच्या मुलाने चौदावर सोडून दिले.

या गावात दोन नगरपालिका आहेत. बेल्जियमचा भाग बार्ले-हेर्टोख आणि नेदरलँड्सचा भाग बार्ले-नासाउ. पहिल्याची लोकसंख्या सुमारे तीन हजार, दुसऱ्याची सुमारे सात हजार. एकाच गावाचे दोन सरळ भाग असते तर नवल नव्हते. आपल्याकडेही नदीच्या दोन काठांवर दोन तालुके असतात. पण येथे नेदरलँड्सच्या पोटात बेल्जियमचे २२ तुकडे विखुरलेले आहेत; आणि बेल्जियमच्या त्या तुकड्यांच्याही पोटात नेदरलँड्सचे ७ तुकडे आहेत. एखाद्या वाडग्यात वाटी आणि वाटीत पुन्हा थेंबभर वाडग्यातले, असा हा प्रकार. काही तुकडे शेकडो घरांचे, तर काही म्हणजे केवळ एखादे शेत.

घर कोणत्या देशाचे हे ठरविण्यासाठी येथे एक जुना संकेत आहे. घराचे पुढील दार ज्या देशात उघडते, त्या देशाचे ते घर. घरमालकाचे कर, मुलांची शाळा, टपालाचा क्रमांक ही सारी व्यवस्था त्या दारावरून ठरते. ओळखता यावे म्हणून घरक्रमांकाच्या पाटीवर त्या त्या देशाच्या ध्वजाचे रंग असतात. एकाला लागून एक असलेल्या दोन घरांपैकी एकावर काळा-पिवळा-लाल आणि दुसऱ्यावर लाल-पांढरा-निळा, हे दृश्य सर्रास दिसते. लोव्हेरेन नावाच्या रस्त्यावरील एका घराची गंमत तर याहून निराळी. तेथे सीमा नेमकी दाराच्या मधूनच जाते. त्यामुळे त्या घराला क्रमांक दोन आहेत. एका देशाच्या बाजूने २ आणि दुसऱ्या देशाच्या बाजूने १९. दारावरची घंटा कोणत्या देशात वाजते, असा प्रश्न आमच्यातील एकाने केला आणि सगळे हसले.

दाराचा हा नियम कळल्यावर व्यापारी बुद्धीचा माणूस काय करील हे वाचकांना सांगावयास नको. परवाना एका देशात मिळत नसेल, किंवा कर एका देशात जड जात असेल, तर दार सरकवावे! असे प्रकार येथे झाले आहेत. सीमेवरील काही घरांना या कारणासाठी दोन दारे असल्याचे सांगतात. १९९५ मध्ये सीमेची अखेरची मोजणी झाली, तेव्हा जन्मभर बेल्जियमची म्हणून राहिलेल्या एका वृद्ध बाईंचे दार नेदरलँड्समध्ये असल्याचे आढळले आणि त्यांनी दाराची जागा बदलून आपला देश कायम ठेवला, ही हकिकतही गावात सांगितली जाते. माणूस देश बदलतो हे आपण ऐकले आहे. देश टिकविण्यासाठी गवंडी बोलावणे हे मात्र येथेच घडावे.

हा गोंधळ कोणी आणि का निर्माण केला? त्याचे मूळ ११९८ सालच्या एका करारात आहे. ब्राबांटचा ड्यूक हेन्री आणि ब्रेडाचा सरदार गॉडफ्रीड यांच्यात जमिनीची वाटणी झाली. ज्या जमिनींवर वस्ती होती, ज्यांच्याकडून सारा येत होता, त्या ड्यूकने स्वतःकडे ठेवल्या. पडीक माळरान ब्रेडाच्या सरदाराला दिले. बँकेच्या भाषेत सांगायचे तर वसुली चालू असलेली खाती आपल्या शाखेत ठेवली आणि उरलेली दुसऱ्या शाखेकडे वर्ग केली. पुढे पंधराव्या शतकाच्या आरंभी विवाहसंबंधातून ब्रेडाची जहागीर नासाउ घराण्याकडे गेली. हेर्टोख म्हणजे ड्यूक. एका गावाची दोन नावे अशी मालकांवरून पडली. त्या काळी ही केवळ साऱ्याची वाटणी होती. कोणता शेतकरी कोणाला धान्य देतो एवढाच तिचा अर्थ. १८३० मध्ये बेल्जियम नेदरलँड्सपासून वेगळा झाला आणि साऱ्याच्या रेघा एका रात्रीत देशांच्या रेघा झाल्या.

दोन्ही देशांच्या आयोगाने सीमा आखण्याचा प्रयत्न केला. बाकीची सर्व सीमा खांब पुरून आखली गेली; बार्लेपाशी मात्र हात टेकावे लागले. सरळ रेघ काढता येईना, आणि तुकड्यांची अदलाबदल करण्यास संमती मिळेना. अखेरीस १८४३ च्या करारात त्यांनी जे केले ते कोणत्याही महसुली कारकुनाला आपलेसे वाटेल. त्यांनी रेघ काढण्याचा नाद सोडला आणि ५,७३२ भूखंडांची यादी केली. प्रत्येक भूखंडापुढे देशाचे नाव लिहिले. जगातील बहुतेक सीमा नकाशावर काढलेल्या असतात. ही सीमा खतावणीत लिहिलेली आहे. त्या यादीतील दोन भूखंडांचा वाद तर हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयापर्यंत गेला आणि १९५९ मध्ये दहा विरुद्ध चार मतांनी बेल्जियमच्या बाजूने निकाल लागला. शेवटच्या कोपऱ्याचा उलगडा व्हायला १९९५ साल उजाडले. ११९८ मध्ये सुरू झालेले काम जवळजवळ आठशे वर्षांनी पूर्ण झाले, असे म्हणावयास हरकत नाही.

या रेघांनी गावाच्या नित्य जीवनात जे विक्षेप घडविले, त्यांच्या कथा ऐकण्यासारख्या आहेत. पूर्वी नेदरलँड्समधील उपाहारगृहांना बेल्जियमपेक्षा लवकर दारे बंद करावी लागत. वेळ संपली की सीमेवरील उपाहारगृहातील गिऱ्हाईक जेवण अर्धवट न सोडता टेबलासह पलीकडच्या देशात जाऊन बसे, असे सांगतात. दुसऱ्या महायुद्धानंतर नेदरलँड्समध्ये लोणी स्वस्त आणि बेल्जियममध्ये महाग होते. तेव्हा लोण्याची चोरटी वाहतूक हा या परिसरातील जणू गृहोद्योग झाला होता. एका दाराने लोणी घरात येई आणि दुसऱ्या दाराने परदेशी जाई. आजही नववर्षाच्या सुमारास फटाके विकत घेण्यासाठी नेदरलँड्सचे लोक बेल्जियमच्या बाजूच्या दुकानांत गर्दी करतात, कारण दोन्हीकडचे नियम निराळे आहेत.

माझ्या व्यवसायाशी संबंधित एक कथाही येथे प्रसिद्ध आहे. सीमेवर एका बँकेची इमारत होती. एका देशाचे करअधिकारी तपासणीसाठी आले की कागदपत्रे इमारतीच्या दुसऱ्या देशातील खोलीत जात. दुसऱ्या देशाचे आले की पहिल्या देशात परत येत. आयुष्याची पस्तीस वर्षे शाखा-तपासणीच्या दोन्ही बाजूंना काढलेल्या माझ्यासारख्या माणसाला ही कथा ऐकून हसू आवरेना. पण त्याच वेळी असेही वाटले की, रेघेचा गैरफायदा घेता येतो तेथे तो कोणी ना कोणी घेणारच. शेवटी ती बँक बंद पडली. कागद या खोलीतून त्या खोलीत नेता येतात. पत मात्र तशी हलविता येत नाही, हे आपल्या पेढ्यांवर बसलेल्या वडीलधाऱ्यांना ठाऊक असतेच.

सर्वांत अलीकडचा प्रसंग मार्च २०२० मधील आहे. कोरोनामुळे बेल्जियमने जीवनावश्यक वस्तूंखेरीज इतर दुकाने बंद केली; नेदरलँड्सने त्या वेळी दुकाने बंद केली नव्हती. बार्लेमधील कपड्यांचे एक दुकान सीमेवर आहे. तेव्हा दुकानाच्या मधोमध पट्टी बांधण्यात आली. अर्धे दुकान बंद, अर्धे चालू. पट्टीच्या अलीकडचे कपडे विकत घेता येत होते, पलीकडचे केवळ डोळ्यांनी पाहता येत होते. एकच छप्पर, एकच मालक, एकाच मांडणीवरचा माल, आणि तरी निम्म्या मालाला टाळेबंदी. त्या दिवसांत आपल्याकडेही व्यापाऱ्यांनी सम-विषम तारखांना रस्त्याच्या एकेका बाजूची दुकाने उघडली होती. ते आठवले म्हणजे हा प्रसंग फार दूरचा वाटत नाही.

या वेड्यावाकड्या रेघांनी एकदा मात्र गावाचे रक्षण केले, हेही सांगितले पाहिजे. ऑगस्ट १९१४ मध्ये जर्मनीने बेल्जियमवर आक्रमण केले आणि जवळजवळ सर्व देश व्यापला. बार्ले-हेर्टोख मात्र तटस्थ नेदरलँड्सच्या पोटात होते. तेथे पोहोचण्यासाठी तटस्थ भूमी ओलांडावी लागली असती, म्हणून जर्मन सैन्य आले नाही. १९१५ मध्ये बेल्जियमने तेथे बिनतारी संदेशकेंद्र उभारले आणि व्यापलेल्या देशाच्या एका चिमुकल्या तुकड्यातून मित्रराष्ट्रांना संदेश जाऊ लागले. त्याच वर्षी जर्मनांनी दोन देशांच्या सीमेवर विजेच्या तारांचे कुंपण घातले. त्यात सुमारे २,००० व्होल्टचा प्रवाह होता आणि त्याला चिकटून शेकडो माणसे मरण पावली. तीच सीमा बार्लेमध्ये पांढऱ्या फुल्यांची आणि काही कोसांवर मृत्यूची.

दुपारी आम्ही एका बाकावर बसून डबा सोडला. बाक कोणत्या देशात होता हे पाहिले नाही. समोर गावातील लोक सायकलींवरून येत-जात होते. कोणीही पायाखाली पाहत नव्हते. हे सारे चालते कसे, हा प्रश्न मला सतावीत होता, आणि त्याचे उत्तर कंटाळवाणे वाटावे इतके साधे आहे. दोन्ही नगरपालिका एकत्र बसतात. त्यांची संयुक्त समिती आहे. ग्रंथालय व सांस्कृतिक केंद्र दोघांचे मिळून आहे. दोन्ही देशांच्या पोलिसांनी एका इमारतीत बसून काम केले आहे. बार्ले-हेर्टोखच्या नगरपालिकेच्या इमारतीतून सीमा जाते, म्हणजे बेल्जियमच्या नगरपालिकेची थोडी जागा नेदरलँड्समध्ये आहे, आणि त्यावर कोणी मोर्चा काढीत नाही. नळ, गटार, रस्ता, आग विझविणे अशा प्रत्येक बाबीवर बोलणी झाली, कागद झाले, सह्या झाल्या. रेघ पुसली नाही. रेघेवरून पाणी कसे न्यायचे ते ठरविले.

बार्लेची कथा ऐकताना भारतीय माणसाला कुचबिहारची आठवण होणे अपरिहार्य आहे. भारत आणि बांगलादेश यांच्या सीमेवरही असेच तुकडे होते. त्यांना बंगालीत छिटमहल म्हणत. बांगलादेशात भारताचे १११ आणि भारतात बांगलादेशाचे ५१. कुचबिहारचा राजा आणि रंगपूरचा फौजदार बुद्धिबळाच्या डावात गावे पणाला लावीत, त्यातून हे तुकडे झाले अशी दंतकथा आहे. प्रत्यक्षात कुचबिहार आणि मोगल यांच्यातील अठराव्या शतकाच्या आरंभीच्या तहाचे ते अवशेष होते. येथेही पूर्वी प्रश्न एवढाच होता की सारा कोणाला द्यायचा. १९४७ नंतर त्या साऱ्याच्या रेघा देशांच्या रेघा झाल्या. दहला खागडाबाडी नावाचा एक तुकडा तर असा होता की, तो भारताचा, पण बांगलादेशाच्या तुकड्यात. तो तुकडा भारताच्या तुकड्यात. आणि तो पुन्हा बांगलादेशात. सारे मिळून एक शेत. जगात असे दुसरे उदाहरण नव्हते.

नकाशा दोन्हीकडचा सारखाच हास्यास्पद. पण बार्लेमध्ये लोक टेबल सरकवून जेवत होते, तेव्हा छिटमहलात काय चालले होते? १९५२ मध्ये पारपत्र आणि परवान्याची सक्ती आली. आपल्या देशात जाण्यासाठी परवाना हवा. परवाना मिळण्याचे कार्यालय आपल्या देशात. आणि तेथे जाण्यासाठी परक्या देशाची भूमी ओलांडावी लागे, म्हणजे परवाना हवा! या चक्रातून कायदेशीर वाट नव्हती. वीज नव्हती, दवाखाना नव्हता, पोलीस नव्हते. मुलाला शेजारच्या गावातील शाळेत घालायचे तर कागदावर दुसऱ्याच माणसाचे नाव वडील म्हणून लावावे लागे. आपल्या बापाचे नाव लिहिण्याची सोय नसणे, याहून मोठा विक्षेप मुलाच्या आयुष्यात कोणता असेल? २०११ मध्ये दोन्ही देशांनी मिळून शिरगणती केली, तेव्हा या तुकड्यांत सुमारे ५१,००० माणसे राहत असल्याचे आढळले. १९७४ मध्ये इंदिरा गांधी आणि शेख मुजीबुर रहमान यांनी अदलाबदलीचा करार केला होता. तो प्रत्यक्षात येण्यास भारतीय राज्यघटनेची शंभरावी दुरुस्ती व्हावी लागली. ३१ जुलै २०१५ च्या मध्यरात्री ते तुकडे ज्या देशाने वेढलेले होते त्यात विलीन झाले. करारापासून अंमलापर्यंत ४१ वर्षे गेली. एवढ्या काळात एक पिढी खोट्या नावाने शाळा शिकून म्हातारपणाकडे झुकली.

आपल्या महाराष्ट्रातही रेघेने नित्य व्यवहारात असे पेच घातले आहेत. सुदैवाने ते छिटमहलापेक्षा बार्लेच्या जवळचे आहेत. खानदेशातील वाचकांना नवापूरचे रेल्वे स्थानक ठाऊक असेल. १ मे १९६० रोजी मुंबई राज्याचे दोन भाग झाले आणि सीमा फलाटावरून गेली. तिकीटखिडकी महाराष्ट्रात, स्थानकप्रमुखांचे कार्यालय गुजरातेत. एक बाक असा की, त्याच्या एका टोकावर बसलेला प्रवासी नंदुरबार जिल्ह्यात आणि दुसऱ्या टोकावर बसलेला गुजरातच्या तापी जिल्ह्यात. घोषणा मराठी, गुजराती, हिंदी आणि इंग्रजी अशा चार भाषांत होतात. गाडी मात्र एकच आणि ती दोघांना एकाच वेळी मिळते! चंद्रपूर जिल्ह्यातील जिवती तालुक्यात महाराजगुडा नावाचे गाव आहे. तेथील काही गावांवर महाराष्ट्र आणि तेलंगणा दोघेही हक्क सांगतात. महाराजगुड्यातील एका घराचे स्वयंपाकघर तेलंगणात आणि निजण्याच्या खोल्या महाराष्ट्रात, आणि कुटुंब दोन्हीकडे कर भरते, अशी बातमी २०२२ च्या अखेरीस वृत्तपत्रांत आली होती. तेथील लोकांना दोन्ही राज्यांच्या योजना मिळतात हे खरे. पण जमिनीच्या पट्ट्याचा प्रश्न आला म्हणजे दोघांचे असणे आणि कोणाचेच नसणे यांत फार अंतर राहत नाही.

या तीन-चार ठिकाणांची तुलना केल्यावर मला एक गोष्ट स्पष्ट दिसते. विक्षिप्त रेघ हे दुःखाचे कारण नव्हे. बार्लेची रेघ कुचबिहारच्या रेघेपेक्षा तसूभरही शहाणी नाही. फरक पडला तो रेघ काढल्यानंतरच्या कामामुळे. बार्लेमध्ये ‘कोणाचे काय’ हे लिहून झाल्यावर ‘दोघांनी मिळून काय वापरायचे आणि कसे’ हेही लिहिले गेले. कुचबिहारमध्ये पहिली यादी होती. दुसरी यादी होण्यास ४१ वर्षे लागली, आणि ती होईपर्यंत माणसांना आपल्याच घरात चोरासारखे राहावे लागले.

ही गोष्ट देशांपुरती असती तर या मासिकात लिहिण्याचे प्रयोजन नव्हते. पण आपल्या समाजात पेढ्यांच्या आणि वाड्यांच्या वाटण्या घरोघरी होतात. तारण मिळकतीची पाहणी करण्यासाठी नोकरीच्या काळात मी असे कितीतरी वाडे पाहिले. त्यांपैकी एक तालुक्याच्या गावातील, आडतीचा व्यवसाय असलेल्या दोन भावांचा. खालील दुकान थोरल्याकडे, वरचा मजला धाकट्याकडे. चौकात गेरूची रेघ ओढलेली. विहीर धाकट्याच्या परसात. वर जाण्याचा जिना मात्र दुकानाच्या आतून. थोरल्याने दुकान बंद केले की धाकट्याचे कुटुंब वर कोंडले जाई, किंवा बाहेर असेल तर रस्त्यावर उभे राही. धाकट्याने विहिरीचे दार लावले की थोरल्याकडे पाणी नसे. वाटणीपत्र चांगले मुद्रांकित, नोंदलेले, चौरस फुटांचा हिशेब बिनचूक. परंतु वर जाण्या-येण्याचा हक्क त्यात कोठेही लिहिलेला नव्हता, त्यामुळे धाकट्याच्या मजल्यावर कर्ज देणे बँकेला शक्य नव्हते. ज्या घरात जाता येत नाही, त्याचे मूल्य कागदावर कितीही असो, बाजारात शून्य असते.

दोघांच्या वकिलांनी आणखी काटेकोर मोजणी सुचविली होती. मार्ग निघाला तो त्यांच्या मोठ्या बहिणीमुळे. ती माहेरी आली असताना वर भावाकडे जायला निघाली आणि दुकानाला कुलूप पाहून पायरीवर बसून राहिली. दुपारच्या उन्हात तासभर. थोरल्याने येऊन कुलूप काढले, तेव्हा ती म्हणाली, “बाबांनी जिना दोघांसाठी बांधला होता; तो कोणाच्या वाटणीला आला ते मला आधी सांगा.” त्यावर दोघांनाही उत्तर देता आले नाही.

पुढील महिन्यात दोघे भाऊ बँकेत एकत्र आले. सोबत पुरवणी वाटणीपत्राचा मसुदा होता. मूळ पत्र सतरा पानांचे, ही पुरवणी जेमतेम सव्वा पानाची. कोणाचा एक फूटही इकडचा तिकडे झाला नव्हता. जिना, विहीर, चौक, गच्चीवरची टाकी, पुढील दार आणि वाड्यातील देरासराची खोली, या सहा बाबी सामाईक. त्यांच्या दुरुस्तीचा खर्च निम्मा-निम्मा. आणि पुढील दाराच्या दोन किल्ल्या. कर्ज मंजूर झाले. वाटणी करणाऱ्या प्रत्येक कुटुंबाला माझी विनंती आहे की, सतरा पाने लिहून झाल्यावर हे सव्वा पान लिहिल्याशिवाय कोणीही सही करू नये.